आई, मी येगळी काऊन दिसतो?

प्रश्न: ताई, आमी आर्णी तालुक्यातले, जिल्हा यवतमाळ, कापूस-तूरवाले. लेकरू नव्हतं म्हणून कारात (दत्तक द्यायची सरकारी संस्था) नाव टाकलं आन् मिझोरामची पोरगी भेटली, तवा दीड वर्षाची होती, आता 9 ची हाये. वऱ्हाडी अशी बोलते का आयकतच राहावं. पण चेहरा तिकडचा, म्हणून यष्टीत कोणीबी इचारते, नेपाळची हाये का वो? तान्ह्या पोळ्याले नंदी घेऊन बोजारा मागाले गेली त तिथंबी तेच. शाळेत पोट्टे चिंकी म्हणतात. घरी येऊन मले म्हणे, मी येगळी काऊन दिसतो? सासूबाई म्हणतात लहान हाये, सांगू नोको. काय करू?

उत्तर: सासूबाईंचा नातीवर जीव आहे म्हणून त्या तसं म्हणतात, पण तुम्ही सांगाच, आणि लवकर सांगा, कारण गावाला माहीत आहे, तिलाच नाही, आणि उद्या कोणी भांडणात तोंडावर फेकलं तर ते तिला फार लागेल. नकाशा काढा, मिझोराम दाखवा, ऐजॉल दाखवा, सांगा की तिथं तुझ्यासारखे चेहरे बाजारभर दिसतात, तू तिथं जन्मली आणि आम्ही तुला मागून आणलं. तू आमच्यासारखीच दिसते असं मात्र म्हणू नका, ती रोज आरसा पाहते. जन्मदात्या आईबद्दल फाइलीत आहे तेवढंच सांगा, काही रचू नका.

यष्टीतल्या बाईला "आमची पोरगी आहे" एवढंच पुरे, बाकी कहाणी पोरीची आहे, ती कोणाला सांगायची ते तिनं ठरवावं.

चिंकी म्हणणं ही गंमत नाही. ईशान्येकडच्या लोकांना असा त्रास होतो म्हणून केंद्रानं 2014 मध्ये बेझबरुआ समिती नेमली होती. दोघंही जा, हेडमास्तरांना भेटा, मुलीला पुढं करू नका.

आणि भाऊबंद काही बोलले तर ठाम राहा, 2015 च्या बाल न्याय कायद्यानं दत्तक आदेश झाला की ती पोटच्या लेकरासारखीच, शेतावरचा हक्कसुद्धा तसाच. चाइल्ड स्टडी रिपोर्ट, मेडिकल, आदेश, सगळं नीट जपून ठेवा. 2022 च्या दत्तक नियमांप्रमाणे 18 नंतर तिला स्वतः आपल्या मुळाचा शोध घेता येतो, त्याआधी तुमच्यासोबत. तिनं तो घ्यायचा म्हटलं तर रडू नका, सोबत जा. तोवर काही अडलं तर यवतमाळच्या जिल्हा बाल संरक्षण कक्षात विचारा.