टेललाइट बदलताय? आधी बल्ब काढून बघा

नवा अख्खा दिवा विकत घ्यायची घाई करू नका. काच फुटलेली नसेल तर बहुतेक वेळा फक्त बल्ब गेलेला असतो, आणि तो फार स्वस्तात येतो.

बऱ्याच हॅचबॅक गाड्यांत डिकी उघडली की दिव्याच्या कडेला दोन बोल्ट दिसतात. ते काढून एका डबीत ठेवा, बंपरच्या फटीत पडले तर शोधत बसाल. तरीही दिवा सुटत नाही, कारण बाहेरच्या बाजूला प्लास्टिकच्या पिना बॉडीत रुतलेल्या असतात. इथेच नवखे चुकतात. स्क्रूड्रायव्हर घालून उचकटू नका, रंग जातो आणि पिनही तुटते. दोन्ही हातांनी धरून दिवा सरळ मागे, स्वतःकडे ओढा. बाजूला वाकवू नका. बॉडीच्या कडेला आधी मास्किंग टेप लावलीत तर उत्तम. दिवा सुटला तरी वायरवर लोंबकळू देऊ नका.

होल्डर फिरवून बाहेर काढा. ब्रेक आणि पार्किंगचा एकच बल्ब असेल तर तो सहसा २१/५ वॅटचा, दोन फिलामेंटचा असतो. त्याच्या दोन खुंट्या वेगवेगळ्या उंचीवर असतात, म्हणून तो एकाच बाजूने बसतो. बसत नसेल तर जोर नको, उलटा करून बघा. होल्डरमध्ये हिरवट गंज दिसला तर तो घासून काढा, नाहीतर नवा बल्बही मिणमिणेल.

बसवताना मागचं रबरी गॅस्केट नीट बघा. ते दुमडलं तर पहिल्याच पावसात पाणी आत जाईल. बोल्ट पूर्ण आवळण्याआधी ब्रेक, इंडिकेटर, पार्किंग सगळं लावून बघा. एकटे असाल तर गाडी भिंतीकडे पाठ करून लावा, ब्रेक दाबल्यावर भिंतीवरचा उजेड आरशात दिसतो.