घरगुती मीटरवर शिवणयंत्रे : दंडाच्या बिलाला उत्तर कसे द्यावे?

प्रश्न : घराच्या पुढच्या खोलीत चार शिवणयंत्रे लावून आम्ही ब्लाउज शिवून देतो. मीटर घरगुती आहे. भरारी पथकाने तपासणी अहवालावर सही घेतली आणि आठवड्याने १,२०,००० रुपयांचे बिल आले. सात दिवसांत भरा, असे त्यात लिहिले आहे. भरून मोकळे व्हावे की ग्राहक न्यायालयात जावे?

उत्तर : दोन्ही नको. तुम्हाला मिळाला आहे तो वीज कायदा २००३ च्या कलम १२६ (विजेचा अनधिकृत वापर) खालचा तात्पुरता आकारणी आदेश. सात दिवसांची मुदत ज्याला आकारणी मान्य आहे त्याच्यासाठी असते. मान्य करून भरले आणि अंतिम आदेश तुमच्या संमतीने झाला, की अपील करता येत नाही. ग्राहक न्यायालयही हा वाद ऐकू शकत नाही. सर्वोच्च न्यायालयाने २०१३ मध्ये अनीस अहमद प्रकरणात तसे ठरवले आहे. दिवाणी न्यायालयाची वाट कलम १४५ ने बंद केली आहे.

तेव्हा आकारणी अधिकाऱ्याकडे लेखी हरकत द्या आणि प्रतीवर पोच घ्या. आदेश तुम्हाला मिळाल्यापासून ३० दिवसांत, सुनावणी देऊन, त्याने अंतिम आदेश काढायचा असतो. म्हणून हरकत पहिल्या आठवड्यातच गेली पाहिजे.

‘आम्ही चोरी केलेली नाही’ एवढेच लिहून लोक थांबतात आणि तिथेच हरतात. कलम १२६ ला चोरीचा हेतू लागतच नाही, हे सीताराम राइस मिल प्रकरणात (२०११) स्पष्ट झाले आहे. हरकत घ्यायची ती वर्गवारी (घरगुती, व्यापारी असा दराचा प्रकार), कालावधी आणि युनिटे यांवर.

आधी वर्गवारी पाहा. महाराष्ट्र वीज नियामक आयोगाच्या दर आदेशांत, घराच्या काही भागात छोटा व्यवसाय करणाऱ्याचा वापर महिना ३०० युनिटांपर्यंत आणि मागच्या आर्थिक वर्षात ३,६०० युनिटांपर्यंत असेल, तर त्याला घरगुती दरच दिलेला आहे. तपासणीच्या काळात लागू असलेल्या आदेशातली ही टीप शोधा, तिची प्रत आणि वर्षभराची बिले जोडा. तुम्ही या मर्यादेत बसत असाल, तर दंडाचा पायाच निखळतो.

बसत नसाल तर कालावधीकडे वळा. वापर कधी सुरू झाला ते कळत नसेल तेव्हाच १२ महिने धरता येतात, तेही तपासणीच्या तारखेपासून मागे. तुमची यंत्रे पाच महिन्यांपूर्वीची असतील तर खरेदीच्या पावत्या आणि युनिटे कुठल्या महिन्यात वाढली ते दाखवणारी बिले जोडा. मग आकारणी पाच महिन्यांचीच व्हायला हवी.

युनिटे कशी काढली तेही तपासा. मीटर नीट चालत असताना जोडभारावरून (जोडलेल्या सगळ्या उपकरणांच्या एकूण वॅटवरून) अंदाजाने युनिटे काढली असतील, तर नोंदलेली युनिटेच धरा, असा आग्रह धरा. मोटरवरची पाटी वाचा. पाटीवर २५० वॅट असेल आणि अहवालात १ अश्वशक्ती, म्हणजे ७४६ वॅट, लिहिले असेल, तर भार जवळजवळ तिप्पट झाला. पाटीचा फोटो काढून ठेवा. दर लागू वर्गवारीच्या दुप्पट असतो; त्याच युनिटांचे आधी भरलेले पैसे वजा झालेत का, ते पाहायला विसरू नका.

अंतिम आदेश पटला नाही, तर ३० दिवसांत विद्युत निरीक्षकाकडे अपील करा. त्याआधी निम्मी रक्कम भरावी लागते. १,२०,००० कायम राहिले तर ६०,०००. पावतीसोबत ‘हक्क राखून भरत आहे’ असे पत्र द्या. आदेशानंतर ३० दिवस उलटले की थकबाकीवर १६ टक्के व्याज, सहामाही चक्रवाढीने : लाखाचे वर्षाने १,१६,६४०. अपिलाचा निर्णय अंतिम असतो. त्यापुढे फक्त उच्च न्यायालयात रिट याचिका.

प्रश्न : पिठाच्या गिरणीच्या मीटरचे सील तुटलेले सापडले. कलम १३५ लावून पुरवठा तोडला. हेच अपील चालेल का?

उत्तर : नाही. कलम १३५ म्हणजे चोरीचा गुन्हा. खटला विशेष न्यायालयात चालतो आणि तिथे अप्रामाणिक हेतूचा मुद्दा येतो. पुरवठा तोडल्यापासून २४ तासांत पोलिसांत लेखी तक्रार झाली का, ते पाहा. आकारलेली रक्कम भरल्यावर ४८ तासांत वीज जोडून मिळाली पाहिजे. कलम १५२ खाली तडजोड, म्हणजे ठरलेली रक्कम भरून खटला मिटवणे, एकदाच करता येते. कायद्यातल्या तक्त्यात औद्योगिक जोडणीला किलोवॅटमागे २०,००० रुपये आहेत (राज्य सरकार हा दर बदलू शकते), आणि ते वीजबिलाखेरीज द्यायचे. पण तडजोडीला घाईने होकार देऊ नका. आधी मीटरची चाचणी तुमच्यासमोर करण्याची लेखी मागणी करा. नुसते सील तुटलेले असणे आणि मीटर मंद चालणे या वेगळ्या गोष्टी आहेत. मीटर बरोबर नोंद करत असेल, तर तो चाचणी अहवालच तुमचा मुख्य पुरावा.