पालिकेने झुकते माप दिले की नमते घेतले?

बडोद्याच्या दांडिया बाजारातल्या एका वाचकाची शंका आहे. गुजराती दैनिकात टेंडरच्या वादाची बातमी होती. एका ठेकेदाराच्या सोयीची म्हणून गाजलेली अट काढून टाकली गेली, आणि मथळा आला ‘आखरे पालिकाए नमतुं जोख्युं’. मंडळाच्या वार्तापत्रासाठी त्यांनी तो मराठीत केला, ‘अखेर पालिकेने झुकते माप दिले’. मेहुण्यांनी हरकत घेतली. शिवाय बातमीत पुढे लघुउद्योगांना ‘प्राधान्य’ असे आहे, ते आणि झुकते माप एकच का, असेही त्यांनी विचारले आहे.

मेहुण्यांचे बरोबर आहे. ‘नमतुं जोखवुं’ म्हणजे माघार घेणे. तुमची गफलत कशी झाली ते मात्र लगेच कळते. जोखणे म्हणजे तोलणे, हे आपल्याकडेही आहे, आणि नमते म्हणजे झुकलेले. पारडे समोरच्याच्या बाजूला झुकू द्यायचे, हे चित्र दोन्हीकडे सारखेच आहे. गुजराती माणसाने पाहिले ते देणाऱ्याकडे: त्याने आपले थोडे सोडले, म्हणजे तो नमला. मराठी माणसाने पाहिले ते घेणाऱ्याच्या पिशवीकडे. त्यामुळे ज्या पालिकेने अट मागे घेतली, तिनेच तुमच्या मथळ्यात ठेकेदाराचे भले केले!

झुकते माप ही मुळात वाईट गोष्ट नाही. खंडेराव मार्केटात भाजीवाली काटा बरोबर आल्यावरही वर चार मिरच्या टाकते, त्याला कोणी पक्षपात म्हणत नाही. माल तिचा, मर्जी तिची. टेंडरमध्ये तराजू धरणाऱ्याचा माल स्वतःचा नसतो, म्हणून तिथे हाच शब्द आरोप होतो. (खरे तर माप झुकतच नाही. पायली शिगोशीग भरते, झुकते ते पारडे. पण हा घोटाळा आता इतका रुळलाय की दुरुस्त करायला जाणारा वेडा ठरेल.)

प्राधान्याचे तसे नाही. ते आधी लिहून जाहीर केलेले असते. केंद्राच्या २०१२ च्या खरेदी धोरणात सूक्ष्म व लघु उद्योगांना ते आहे, पण कसे? लघुउद्योगाचा भाव सर्वांत कमी भावाच्या, म्हणजे टेंडरवाल्यांच्या भाषेत एल-वनच्या, १५ टक्के वरपर्यंत असेल, तर त्याला विचारतात: एल-वनच्या भावात देतोस का? हो म्हटले तर पुरवठ्याचा काही हिस्सा त्याला मिळतो. म्हणजे उतरायचे त्यालाच, सरकार पैसा जास्त मोजत नाही. २०१७ च्या मेक इन इंडिया आदेशात देशी माल पुरवणाऱ्यांसाठी ही फट २० टक्क्यांची आहे, रीत तीच. याला झुकते माप म्हणणे अन्यायाचे होईल. इथे काटा सरळच असतो, फक्त विचारणा आधी होते.

कोर्टातले भांडण बहुधा न लिहिलेल्या झुकावाचे असते. १९७९ चा मुंबई विमानतळावरच्या उपाहारगृहाचा खटला घ्या. अट होती पाच वर्षांच्या अनुभवाच्या नोंदणीकृत दुसऱ्या दर्जाच्या हॉटेलवाल्याची, आणि काम गेले ती अट पुरी न करणाऱ्याकडे. सर्वोच्च न्यायालयाने म्हटले, निकष जाहीर केला की सरकारी संस्थेला तो पाळावाच लागतो. तो सैल होणार हे ठाऊक असते तर आणखीही कोणी टेंडर भरले असते. अर्जदाराच्या पदरात मात्र काही पडले नाही, तो कोर्टात उशिरा आला होता. अशा प्रकाराला कायद्याच्या मराठीत ‘मनमानी’ म्हणावे, आधार राज्यघटनेच्या कलम १४ चा, म्हणजे समानतेच्या हक्काचा.

दुसरा आरोप अटीच एखाद्याच्या मापाने बेतल्याचा. हे माप वाण्याचे नव्हे, शिंप्याचे. वाहनांच्या सुरक्षित नंबरप्लेटच्या टेंडरवर तो झाला होता, पण २००४ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने मानला नाही. तुमच्या बातमीतली मूळ तक्रार याच जातीची दिसते, तेव्हा तिथे ‘बेतलेली अट’ लिहा.

मथळ्यात ‘अखेर पालिकेने नमते घेतले’ करा, प्राधान्य तसेच राहू द्या. मेहुण्यांनी सुचवलेले ‘नमते जोखले’ मात्र नको. ते आपल्याला बडोद्यात कळेल. पुण्याच्या वाचकाला वाटेल, पालिका कसला तरी अंदाज घेतेय.