कमी बजेटच्या कल्ट सिनेमांतली, फारशी कुणाला माहीत नसलेली कोणती अभिनेत्री तुम्हाला मोठी वाटते?

कॅन्डेस हिलिगॉस. नाव ऐकलं नसेल तर नवल नाही, कारण तिच्या खात्यावर ठळक भूमिका जेमतेम दोनच. पण त्यातली पहिली, १९६२ च्या ‘कार्निव्हल ऑफ सोल्स’मधली, मला भयपटांतल्या उत्तमोत्तम भूमिकांत मोडणारी वाटते.

चित्रपट काढला अमेरिकेत कॅन्ससमधल्या लॉरेन्स गावच्या मंडळींनी. दिग्दर्शक हर्क हार्वी एरवी शैक्षणिक आणि औद्योगिक लघुपट करायचा. सॉल्ट लेक सिटीजवळचा साल्टएअर हा करमणुकीसाठी बांधलेला, पण ओसाड पडलेला मंडप त्याच्या नजरेस पडला आणि त्यातून कथा निघाली. खर्च सुमारे ३३ हजार डॉलर, शूटिंग तीनेक आठवड्यांत आटोपलेलं. पांढऱ्याफटक चेहऱ्याच्या भुताची भूमिका दिग्दर्शकानेच केली! हिलिगॉस मात्र न्यूयॉर्कमध्ये ली स्ट्रासबर्ग या नामवंत अभिनय-शिक्षकाकडे शिकून आलेली.

ती झालीय मेरी हेन्री, ऑर्गन वाजवणारी. मैत्रिणींसोबतची मोटार पुलावरून नदीत कोसळते आणि काही तासांनी ही एकटीच चिखलातून वर येते. पुढे चर्चमध्ये नोकरी धरते, पण श्रद्धा वगैरे काही नाही. कुणाची सोबत नको, कुणाची दया नको.

कपड्यांच्या दुकानातला प्रसंग नीट बघा. ट्रायल रूममध्ये असताना अचानक सगळे आवाज बंद होतात. ती बाहेर येऊन विक्रेतीशी बोलते, पण विक्रेतीला ती दिसतच नाही. इथे हिलिगॉस आधी नुसती गोंधळते, मग जरा चिडते. भीती सगळ्यात शेवटी येते. पार बागेत पोचल्यावर पक्ष्यांचा किलबिलाट ऐकू येतो, तेव्हा कुठे तिचा जीव भांड्यात पडतो. आपलाही. फारसे स्पेशल इफेक्ट न वापरता, मुख्यतः तिच्या चेहऱ्यावर आणि आवाज काढून घेण्यावर हा प्रसंग तोललाय.

मग पुढे काय? १९६४ मध्ये ‘द कर्स ऑफ द लिव्हिंग कॉर्प्स’. रॉय शायडरचा हा पहिलाच चित्रपट; तो पुढे स्टार झाला, ती जवळपास थांबली. मला याचं मनापासून वाईट वाटतं. असले चित्रपट तेव्हा ड्राइव्ह-इन, म्हणजे गाडीत बसून बघायच्या थिएटरांत दोन-दोन एकत्र दाखवून संपायचे, आणि त्यातल्या अभिनयाकडे कोण गांभीर्याने बघणार?

‘कार्निव्हल’च्या प्रिंटवर कॉपीराइटची सूचनाच नव्हती, त्यामुळे तो सगळ्यांसाठी खुला झाला. टीव्ही वाहिन्यांनी तो रात्री-अपरात्री दाखवला आणि चाहते वाढत गेले. १९८९ मध्ये तो पुन्हा थिएटरांत लागला, तेव्हा कुठे समीक्षकांनी तिची दखल घेतली. पंचवीसहून जास्त वर्षं उशिरा.

त्याच कारणाने आजही तो इंटरनेटवर रीतसर फुकट मिळतो. रंग भरलेली आवृत्तीही फिरते, ती टाळा. मूळ कृष्णधवल बघा, तासा-सव्वातासाचाच आहे, आणि शक्यतो हेडफोन लावून.