आजचा पगार आणि चार वर्षांनंतरचा पगार

प्रश्न : मी पदवीच्या पहिल्या वर्षात अर्थशास्त्र शिकते. ‘उत्पादन घटकांची किंमतनिश्चिती’ हे प्रकरण मला पाठ आहे, पण कळलेले नाही. त्यातच वडिलांचा आग्रह आहे की, हा विषय सोडून सध्या सर्वाधिक पगार मिळवून देणाऱ्या चार वर्षांच्या तांत्रिक अभ्यासक्रमाला प्रवेश घ्यावा. मी काय करावे?

उत्तर : तुमच्या दुसऱ्या प्रश्नाचे बरेचसे उत्तर त्या न कळलेल्या प्रकरणातच आहे, म्हणून आधी त्याकडे वळू.

वस्तूची किंमत मागणी-पुरवठ्याने ठरते हे एकदा शिकल्यावर भूमी, श्रम, भांडवल आणि संयोजन (उद्योजकाचे काम) या उत्पादन घटकांसाठी वेगळे प्रकरण कशाला, अशी शंका बहुतेकांना येते. फरक मागणीच्या स्वरूपात आहे. शिवणाऱ्या कामगाराचे श्रम कोणी हौसेने विकत घेत नाही. लोकांना कपडे हवे असतात, म्हणून त्याला काम मिळते. घटकाची मागणी अशी वस्तूच्या मागणीतून जन्म घेते, म्हणूनच तिला अप्रत्यक्ष मागणी म्हणतात.

आता तीन शिवणयंत्रे असलेला एक कारखाना डोळ्यांसमोर आणा. तीन कामगार दिवसाला 30 सदरे शिवतात. चौथा आला की तो कापणी आणि काज-बटणे सांभाळतो आणि सदरे 37 होतात. पाचवा आल्यावर 42. कापडाचा खर्च वजा जाता एका सदऱ्यामागे 10 एकक उत्पन्न मिळत असेल, तर चौथ्यामुळे 70 आणि पाचव्यामुळे 50 एककांची भर पडते. बाजारातील मजुरी 60 असेल, तर मालक चौघांवर थांबेल. येथे एक गोष्ट नीट ध्यानात घ्या : पाचवा कामगार आळशी नाही, कदाचित तो पहिल्याहून कुशलही असेल; यंत्रे तीनच असल्याने त्याच्या वाट्याला उरलेले कामच कमी आहे. शेवटच्या कामगारामुळे उत्पन्नात जी भर पडते (सीमांत उत्पन्न), तिच्याइतकी मजुरी ठरते, हा सीमांत उत्पादकता सिद्धान्त अर्थतज्ज्ञ जॉन बेट्स क्लार्क यांनी 1899 मध्ये सविस्तर मांडला. त्यावरून ‘कमी पगार म्हणजे कमी लायकी’ असा निष्कर्ष काढणारे विद्यार्थी मला नेहमी भेटतात, आणि तो निष्कर्ष चुकीचा आहे. शिवाय हा सिद्धान्त पूर्ण स्पर्धा, म्हणजे कामगार घेणारे अनेक मालक, गृहीत धरतो. कामगार घेणारा मालक एकच असेल, तर मजुरी सीमांत उत्पन्नाहून खाली राहू शकते.

व्याज आणि नफा यांवरील सिद्धान्त परीक्षेसाठी नीट वाचा, पण तुमच्या निर्णयाशी त्यांचा संबंध थोडा आहे. खंडाचा, म्हणजे जमिनीच्या भाड्याचा, मात्र आहे. जमिनीचा एकूण पुरवठा वाढत नाही, म्हणून धान्य महागले की खंड वाढतो, असे अर्थतज्ज्ञ रिकार्डो यांनी 1817 मध्ये दाखवले. मार्शल या अर्थतज्ज्ञांनी पुढे सांगितले की, ज्या साधनांचा पुरवठा आज मर्यादित असला तरी कालांतराने वाढू शकतो, त्यांनाही तोपर्यंत खंडासारखी जादा प्राप्ती होते; तिला आभासी खंड म्हणतात.

वडील ज्या पगाराकडे बोट दाखवतात, त्यात असा आभासी खंड किती आहे, हा खरा प्रश्न आहे. मागणी अचानक वाढते, पण नवे पदवीधर तयार व्हायला चार वर्षे लागतात, म्हणून मधल्या काळात पगार चढतात. तेच आकडे पाहून हजारो विद्यार्थी एकाच वेळी प्रवेश घेतात आणि तुम्ही बाहेर पडाल त्या वर्षी तेही तुमच्याबरोबर बाहेर पडतील. वडिलांची काळजी मी अजिबात हलकी लेखत नाही; त्यांनी पाहिलेला आकडा खरा आहे, फक्त तो आजचा आहे.

अर्थशास्त्रात राहायचे ठरवलेत, तर संख्याशास्त्र आणि गणित यांना टाळू नका. वेतननिश्चिती, प्रकल्प मूल्यमापन किंवा धोरण विश्लेषण यांपैकी कोणत्याही कामात केवळ व्याख्या पाठ असून भागत नाही. निर्णयापूर्वी वडिलांसोबत बसून एक कागद करा. त्या तांत्रिक कौशल्यातून कोणती वस्तू किंवा सेवा तयार होते, तिची मागणी कशामुळे वाढली, ते कौशल्य शिकायला इतरांना किती वेळ लागेल आणि त्याची जागा यंत्र घेऊ शकेल का, एवढेच त्यावर लिहा. उत्तरे त्या अभ्यासक्रमाच्या बाजूने आली आणि त्यातील काम तुम्हाला आवडणारे असेल, तर तेथे जरूर जा.