'कॉल माय एजंट'मधली आन्द्रेआ म्हणजे कामीय कोतँ, तिचं अजून काय काय बघता येईल?

तुम्ही लिहिलंय की पॅरिसमधल्या फिल्मी एजंट्सवरची ही फ्रेंच सिरीज बघून संपली, त्यातली एजंट आन्द्रेआ डोक्यातून जात नाहीये, ही बाई आधी कुठं होती आणि आता पुढं काय बघू. मी तिची कामं शोधून शोधून बघते त्यामुळे सांगितल्याशिवाय राहवत नाही.

आधी ती नाटकात होती आणि शाळेत इंग्लिश शिकवायची. जन्म १९७८ चा, लहानपणी काही वर्षं लंडनमध्ये काढलेली म्हणून इंग्लिश पक्कं. लोकांना माहीत झाली ती थेट २०१३ मध्ये, पस्तिशीला, कनाल प्लुस या फ्रेंच चॅनलवरच्या 'कोनास' नावाच्या छुप्या कॅमेऱ्याच्या छोट्या छोट्या स्किट्समुळे, त्यात ती एक महाउद्धट पॅरिसवाली बनून दुकानात, रस्त्यावर खऱ्याखुऱ्या लोकांशी वाट्टेल तसं वागायची आणि समोरच्याला पत्ताच नसायचा की शूटिंग चालू आहे. २०१५ ला त्यावरच पिक्चर आला, त्यात ती प्रिन्स हॅरीशी लग्न करायला लंडन गाठते आणि खरंच केन्सिंग्टन पॅलेसच्या गेटवर चढते! रिटेक नाही, समोरचा काय बोलेल माहीत नाही, आणि तरी भूमिका सोडायची नाही. आन्द्रेआचं ते सपासप बोलणं, फोनवर एकाला थाप मारता मारता समोरच्याला नजरेनंच गप्प करणं, ते मला तरी इथूनच आलेलं वाटतं.

मग २०१५ ते २०२० 'कॉल माय एजंट'चे चार सीझन. इझाबेल ह्युपेर, ज्युलिएत बिनोश अशा दिग्गज फ्रेंच नट्या स्वतःच्याच भूमिकेत येतात आणि तरी सीन कोतँच्या हातातून सुटत नाही. (आपल्याकडे २०२१ ला याचा हिंदी रिमेक आला, आन्द्रेआच्या जागी आहाना कुमरा, पण मूळ ते मूळच.)

हॉलिवूडने मात्र तिला अजून नीट वापरलेलं नाही असं माझं स्पष्ट मत आहे. 'हाउस ऑफ गुच्ची'त ती आहे पण रोल एवढासा, फक्त तिच्यासाठी बघणार असाल तर सोडून द्या. 'किलिंग ईव्ह' या इंग्लिश सिरीजमधली तिची एलेन बरी आहे, थंड आणि धोकादायक. पण खरं काम 'स्टिलवॉटर'मध्ये, २०२१ चा, मॅट डेमनबरोबर, फ्रान्सच्या मार्से शहरातली एकटीनं मुलगी वाढवणारी नाटकवाली, आणि त्या अमेरिकन माणसावर ती हळूहळू विश्वास टाकत जाते ते इतकं साधं केलंय की डेमनपेक्षा तिच्याकडेच लक्ष जातं.

सगळ्यात महत्त्वाचा म्हणजे 'लेझेब्लुइ' हा फ्रेंच पिक्चर, २०१९ चा. एका कॅथलिक पंथाच्या नादाला लागून घरदार, मुलं त्यात ओढणारी आई, आणि गोष्ट दिसते बारा वर्षांच्या मुलीच्या नजरेतून. आन्द्रेआचा मागमूसही नाही तिच्यात, आणि त्या आईचा राग येतो तेवढीच कीवही येते. हा कुठं मिळाला तर सोडू नका, आणि प्लीज डबिंग नको, सबटायटल्स लावूनच बघा, तिचं अर्धं काम आवाजात असतं.