वाचक विचारतात : अप्पांचं नाव काय?

प्रश्न : ‘माझा होशील ना’ मालिकेतले अप्पा आईला दूरदर्शनच्या दिवसांपासून आठवतात, पण नाव घरात कुणालाच सांगता येईना. त्यांनी नोकरी सांभाळून कामं केली, असं ऐकलं. खरं आहे का? माझे बाबा कचेरीत कारकून आहेत, वय 46. हौशी संस्थेच्या नाटकांत लहान भूमिका करतात. हल्ली म्हणतात, ‘आता कसलं वय राहिलंय!’ म्हणून विचारते. – एक वाचक, मिरज

उत्तर : ताई, अप्पा म्हणजे अच्युत पोतदार. जन्म 22 ऑगस्ट 1934 चा, जबलपूरचा. रीवा इथे त्यांनी प्राध्यापकी केली, मग सैन्यात गेले आणि 1967 मध्ये कॅप्टन म्हणून बाहेर पडले. पुढची जवळपास 25 वर्षं इंडियन ऑइलमध्ये अधिकारी. कॅमेऱ्यासमोर आले तेव्हा त्यांनी चव्वेचाळिशी गाठली होती. त्यांनी काम केलेला ‘आक्रोश’ चित्रपट आला 1980 मध्ये आणि इंडियन ऑइलमधून ते निवृत्त झाले 1992 मध्ये. मधली बारा वर्षं दोन्ही कामं एकाच माणसानं ओढली. तेव्हा तुम्ही ऐकलंत ते अगदी खरं.

आईंना आठवतात तेही बरोबर. 1988 मध्ये दूरदर्शनवर ‘वागले की दुनिया’ आणि श्याम बेनेगलांची ‘भारत एक खोज’ सुरू झाली; दोन्हींत ते होते. पण अशा भूमिकांची नावं पडद्यावर झरझर सरकून जातात. आपल्या लक्षात राहतो तो साहेब, कुणाचे तरी वडील, मास्तर.

‘थ्री इडियट्स’मधला तो वर्ग आठवा. यंत्राची व्याख्या विचारणारे, शेवटी वैतागून ‘अरे, कहना क्या चाहते हो?’ म्हणणारे प्राध्यापक तेच. त्यांचा राग खलनायकाचा नाही. तास संपत आलाय, पुढचा भाग शिकवायचाय आणि हा मुलगा वेळ खातोय, एवढाच तो राग आहे. मला तो प्रसंग दर वेळी खरा वाटतो, कारण फळ्यासमोर उभं राहणं त्यांनी कुणाचं बघून उचललेलं नव्हतं. माझे वडील जिल्हा परिषदेत होते. त्यांचे साहेब सहीसाठी कागद आला की आधी चष्मा सारखा करत, मग शांतपणे वर बघत. पोतदारांना अधिकाऱ्याच्या भूमिकेत पाहिलं की मला तेच साहेब दिसतात. नोकरीत गेलेली वर्षं त्यांच्या अभिनयात अशी कामाला आली, असं मी मानतो.

‘माझा होशील ना’ सुरू झाली मार्च 2020 मध्ये आणि त्याच महिन्यात टाळेबंदी लागली. पुढे चित्रीकरणाला परवानगी मिळाली, पण 65 वर्षांवरच्या कलावंतांना सेटवर येऊ द्यायचं नाही अशी अट होती. मुंबई उच्च न्यायालयानं 7 ऑगस्टला ती रद्द केली. पोतदार त्याच महिन्यात 86 वर्षांचे झाले. त्या अटीनं माझा जीव कळवळला होता. मालिकेतला आजोबा साठीच्या माणसाला पांढरा विग लावून उभा करता येत नाही हो. ते थकलेले हात, ते सावकाश उठणं कुठून आणणार?

सव्वाशेच्या आसपास चित्रपट आणि कितीतरी मालिका करून 18 ऑगस्ट 2025 रोजी ठाण्यात ते गेले. 91 वा वाढदिवस चार दिवसांवर होता.

आता बाबांचं. पोतदारांची सुरुवात जवळपास याच वयात झाली, हे त्यांना जरूर सांगा. पण नोकरी सोडा असं मी सांगणार नाही, पोतदारांनीही सोडली नव्हती. कचेरीत रोज टेबलापाशी येणारी माणसं त्यांनी नीट न्याहाळावीत. कोण अर्ज कसा पुढे करतो, कोण खुर्ची दिली तरी बसत नाही. संस्थेच्या पुढच्या नाटकात दोन वाक्यांची भूमिका मिळाली तरी घेऊ द्या. पहिल्या प्रयोगाला तुम्ही आणि आई पुढच्या रांगेत बसा आणि बाबांनी कोणती भूमिका केली ते मला कळवा.